नवा साज घोड्याच्या अंगवळणी पडतो तेव्हा

सारंगखेड्याच्या बाजारातून आणलेली आमची काठेवाडी घोडी खोगीर निमूट घ्यायची. तंग, म्हणजे पोटाखालचा पट्टा, आवळला तरी जागची हलायची नाही. पण लगाम चढवायला हात कानाजवळ गेला की मान सरळ आभाळात. मागे सरकायची, डोळ्यांतलं पांढरं दिसायला लागायचं, आणि तबेल्यातल्या पोरांचं एकमत व्हायचं की घोडी अडेल आहे, दोन फटके दिल्याशिवाय सुधारायची नाही.

फटके दिले नाहीत. दोन दिवस नुसतं तिच्याजवळ उभं राहून खरारा केला, तेव्हा डाव्या कानाच्या बुडाशी जुना, केस न उगवलेला व्रण हाताला लागला. काठेवाडी आणि मारवाडी घोड्यांचे कान आत वळलेले असतात, टोकाला टोक भिडतं. बाजारात गिऱ्हाईक आधी ते कान बघतं. आणि औषध पाजताना किंवा नाल ठोकताना जनावर हलू नये म्हणून तोच कान पिरगळून धरायची पद्धत अजून कित्येक ठिकाणी आहे. आपल्या घोडीचा कान कुणीतरी असाच धरला असणार, हे त्या व्रणावरून उमगलं.

तेव्हापासून घोड्याला नवा साज चढवायची गोष्ट निघाली की मी एकच सांगतो. घोडं नको म्हणत असेल तर आधी दुखतंय का बघा, मग घाबरतंय का बघा. अडेलपणाचा विचार सगळ्यात शेवटी करा. आणि आणखी एक, जे मला उशिरा कळलं: घोडं गप्प उभं आहे म्हणजे ते निवांत आहे असं नाही.

घोड्याला हे सगळं कसं वाटत असेल

घोडा गवत खाणारा, कळपात राहणारा आणि पळून जीव वाचवणारा प्राणी आहे. शिकारी जनावर झेप घेतं ते पाठीवर, आणि धरतं ते मानेला किंवा पोटाला. आपण नेमकं पाठीवर आठ-दहा किलोचं चामडं ठेवतो, पोटाखालून पट्टा आवळतो आणि तोंडात लोखंड घालतो. हे त्याने मुकाट्याने चालवून घ्यावं अशी अपेक्षा आपण रोज करतो, आणि बहुतेक घोडी ती पुरीही करतात. मला याचं अजूनही नवल वाटतं.

घोड्याची कातडी जाड दिसते, पण अंगावर माशी बसली तर नेमकी तेवढीच जागा थरथरते. इतकी बारीक जाण असलेल्या अंगाला खोगिराखाली अडकलेली गवताची काडी किंवा नमद्याला, म्हणजे खोगिराखालच्या जाड कापडाला, पडलेली घडी किती टोचत असेल याचा अंदाज करा.

डोळ्यांचीही गोष्ट अशीच. डोळे डोक्याच्या दोन बाजूंना असल्यामुळे घोड्याला जवळजवळ चहूबाजूंचं दिसतं. दिसत नाही ते कपाळाच्या अगदी समोर, नाकाच्या खाली आणि शेपटीच्या थेट मागे. लगामाची कडी तोंडात जाते ती या नाकाखालच्या आंधळ्या जागेतूनच. तिथे काय आहे हे त्याला ओठांनी आणि नाकाभोवतीच्या लांब राठ केसांनी कळतं. घोडा नीटनेटका दिसावा म्हणून ते केस कापायची टूम होती. आंतरराष्ट्रीय अश्वारोहण महासंघाने २०२१ पासून आपल्या स्पर्धांत असे केस कापलेल्या घोड्यांना मनाई केली आहे. आपल्याकडेही कात्री लावण्याआधी विचार करायला हवा.

घोड्याला एखादी वस्तू एका बाजूने दाखवली तर ती मेंदूच्या दुसऱ्या बाजूला कळत नाही, असं जुने लोक सांगतात. ते तितकंसं खरं नाही, मेंदूच्या दोन बाजू एकमेकींशी जोडलेल्या असतात. पण अनुभव मात्र खोटा नाही. अमेरिकेत कोलोरॅडो स्टेट विद्यापीठातल्या संशोधकांनी मुलांच्या खेळण्याचा एक मोठा रंगीत संच घोड्यांना दाखवून त्याची सवय लावली. मग तोच संच नुसता फिरवून ठेवला, तर घोडी पुन्हा नव्याने बिचकली. २०२१ साली हा अभ्यास प्रसिद्ध झाला. डावीकडून ओळखीचं झालेलं खोगीर उजवीकडून, किंवा पाय ठेवायच्या रिकिबी खाली लोंबत असताना, वेगळीच वस्तू दिसू शकतं. म्हणून प्रत्येक पायरी दोन्ही बाजूंनी करायची. कंटाळा आला तरी.

आधी साज अंगाला बसतो का ते बघा

मराठीत निरुपयोगी भर घालण्याला आपण खोगीरभरती म्हणतो. घोड्याला विचारलं तर तो या शब्दाचा अर्थ उलटा सांगेल. खोगिराच्या आत, पाठीच्या दोन्ही बाजूंना टेकणाऱ्या गाद्यांत लोकर किंवा फोम भरलेला असतो, आणि बसणाऱ्याचं सगळं वजन त्या भरतीवरच पसरतं. ती एका बाजूला दबली, गोळा झाली, की तिथे रोज थोडं थोडं रुतत जातं. वर्षभर वापरलेल्या खोगिराच्या गाद्या हाताने चाचपून बघा, गुठळ्या लागतील.

नवं खोगीर आधी नमदा न घालता, नुसतं पाठीवर ठेवून पाहावं. मान संपून पाठ सुरू होते तिथे एक उंचवटा असतो. त्याच्या आणि खोगिराच्या कमानीच्या मध्ये दोन-तीन बोटं सहज जायला हवीत, आणि माणूस वर बसल्यावरही तिथे पोकळी उरायला हवी. मणक्यावर काहीही टेकता कामा नये, मागून पाहिलं तर खोगिराच्या मधून आरपार उजेड दिसला पाहिजे. घोड्याला बरगड्यांच्या अठरा जोड्या असतात. खोगीर शेवटच्या बरगडीच्या मागे गेलं तर वजन कमरेच्या अशा भागावर येतं जिथे खालून बरगड्यांचा आधार नाही. पुढच्या बाजूला खांद्याचं हाड मोकळं हलायला हवं. हे शेवटचं फार लोक चुकवतात. खोगीर पुढे सरकवून बांधतात आणि मग घोडं पाऊल आखूड टाकतं म्हणून त्याच्यावरच चिडतात.

उंचवट्यावर किंवा पाठीवर मधेच पांढऱ्या केसांचे ठिपके असतील तर बहुधा तिथे पूर्वी दाबाने जखम झालेली असते. मुळांना इजा झाली की त्या जागी केस बिनरंगाचे येतात. माथेरानमध्ये मोटारींना बंदी असल्याने घोड्यावर बसायची वेळ खूप जणांवर येते. बसण्याआधी एवढी जागा बघायला हरकत नाही. ठिपका जुना असेल, आत्ताच्या मालकाचा त्यात दोषही नसेल. पण ओली किंवा सुजलेली जागा दिसली तर त्या घोड्यावर बसू नका, आणि घोडेवाल्याला शांतपणे सांगा.

तोंडाचंही तसंच. घोड्याचे पुढचे दात आणि दाढा यांच्यामध्ये मोकळी हिरडी असते, कडी तिथे बसते. पण काही घोड्यांना दाढांच्या पुढे एक छोटा, बिनकामाचा दात असतो. कडी त्याच्यावर आपटली की कळ जाते आणि घोडं डोकं झटकतं. नवा लगाम देण्याआधी पशुवैद्याकडून तोंड तपासून घ्या, लागलं तर तो दात काढता येतो. कडीची रुंदी तोंडापेक्षा दोन्ही बाजूंना जेमतेम अर्धा सेंटीमीटर जास्त असावी. फार रुंद असेल तर ती इकडून तिकडे सरकते, अरुंद असेल तर ओठ चिमटतात. नाकावरच्या पट्ट्याखाली, नाकाच्या हाडावर, मोठ्या माणसाची दोन बोटं आडवी शिरली पाहिजेत. तोंड उघडू नये म्हणून तो पट्टा करकचून आवळणं म्हणजे घोड्याची तक्रार ऐकू येऊ नये म्हणून त्याचं तोंड बांधणं आहे.

चामड्याचा साज नवा असताना कडक असतो. कानपूरचा असो की विलायतेहून आणलेला, तो चामड्याच्या तेलाने मऊ करून, वाकवून, घडी मोडून मगच घोड्याच्या अंगाला लावायचा. पावसाळ्यात भिजून उन्हात सुकलेलं चामडंही असंच दगडासारखं होतं, तेव्हा जुना साजसुद्धा नव्यासारखाच तपासावा लागतो.

ओळख करून द्यायची ती अशी

यातली खरी कला आहे ती कधी थांबायचं याची.

समजा नमदा पाठीवर ठेवायचा आहे. आधी तो हुंगू द्या. नाक लावेल, ओठाने ओढेल, कदाचित फुर्र करून मागे होईल. होऊ द्या. मग तो खांद्याला हलकेच लावा. घोडं स्थिर राहिलं, कान तुमच्याकडे वळला, श्वास सुटला, की त्याच क्षणी नमदा बाजूला घ्या. पुन्हा लावा, पुन्हा घ्या. खांदा, मग उंचवटा, मग पाठ, मग पुठ्ठा, म्हणजे शेपटीकडचा भाग. प्रत्येक वेळी नमदा दूर होतो तो घोडं शांत असताना. घोड्याला यातून कळतं की शांत उभं राहिलं की ही वस्तू निघून जाते.

उलटं झालं तर? नमदा लावला, घोडं उडालं, आणि दचकून आपण नमदा मागे घेतला, तर आपण त्याला उडायला शिकवलं. मग लोक म्हणतात, हा तर रोज जास्तच उडतोय. तो बिचारा शिकवलेलं नीट शिकलाय. म्हणून उडण्याइतकं पुढे जायचंच नाही. घोडं उडण्याच्या बरंच आधी सांगत असतं: नाकपुड्या ताठ होतात, ओठ आवळले जातात, शेपटी दाबली जाते, मान लाकडासारखी होते. तिथेच थांबा, हलू नका, ते सैल होण्याची वाट पाहा आणि मग मागे या. सूट द्यायला, म्हणजे वस्तू बाजूला घ्यायला, दोन-तीन सेकंदांचा उशीर झाला तरी ती कशाबद्दल मिळाली हे घोड्याला जुळवता येत नाही. दाब बेताचा असला तरी चालतो. सूट मात्र क्षणात मिळायला हवी.

या मधल्या वेळात हाताने काय करायचं? उंचवट्याजवळ खाजवा. घोडी एकमेकांना दातांनी खाजवतात तेव्हा हीच जागा निवडतात. फ्रान्समधल्या कामार्ग जातीच्या घोड्यांवर केलेल्या आणि १९९३ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात, या जागी खाजवल्यावर हृदयाचे ठोके खरोखर कमी झालेले आढळले. मानेवर फटाफट थाप मारण्यापेक्षा हे कितीतरी बरं. ती थाप आपल्या समाधानासाठी असते.

नमदा झाला की खोगीर, आणि पहिल्या वेळी रिकिबी काढून ठेवलेलं. वरून आपटायचं नाही, हळू टेकवायचं आणि केसांच्या दिशेने मागे सरकवायचं. तंग एका दमात ओढू नका. खोगीर घसरणार नाही इतपतच आवळा, चार पावलं चालवा, एक भोक पुढे, पुन्हा चालवा. काही घोडी तंग लावताना छाती फुगवून श्वास धरतात. लोक त्याला लबाडी म्हणतात. मला ती पुढे येणाऱ्या चिमट्याची तयारी वाटते. अशा घोड्याला पूर्वी कुणीतरी तंग झटक्याने आवळलेला असतो, किंवा त्या जागी खरंच दुखत असतं. पुढच्या पायाच्या कोपराजवळ कातडीची घडी अडकली तरी घोडं असंच करतं. म्हणून तंग लावल्यावर पुढचा पाय उचलून हलकेच पुढे ओढावा, घडी सुटते.

इथे सुरक्षिततेचा एक नियम पाठच करा. खोगिराला छातीचा पट्टा किंवा दुमची, म्हणजे शेपटीखालून जाणारा पट्टा, असेल तर चढवताना आधी तंग लावायचा, मग बाकीचं. उतरवताना बाकीचं आधी सोडायचं, तंग सगळ्यात शेवटी. नाहीतर तंग सुटलेलं खोगीर छातीच्या पट्ट्याला लटकून पोटाखाली जातं, आणि पायांत आदळणाऱ्या त्या वस्तूपासून घोडं वेड्यासारखं पळतं. असं एकदा झालं की महिन्यांची मेहनत जाते. दुसरं, घोडं कधीही लगामाने बांधू नका, मोरखीने, म्हणजे तोंडात कडी नसलेल्या डोक्यावरच्या पट्ट्याने, बांधा, तेही ओढताच सुटणाऱ्या गाठीने. दचकून मागे ओढलं तर लगामाने जबडा दुखावतो. आणि बागडोर, म्हणजे घोडं धरून न्यायचा दोर, हाताला गुंडाळून घेऊ नका.

आवाज ही वेगळीच परीक्षा. पायाला बांधायच्या पट्ट्यांचं वेल्क्रो फाडल्यासारखं वाजतं, तेव्हा चांगली शिकलेली घोडीही दोन हात बाजूला जातात. आधी लांबून, घोडं चंदी खात असताना वाजवा, रोज थोडं जवळ या. वरातीच्या घोड्यांच्या साजाला आरसे आणि घुंगरं असतात, त्यांचंही असंच. बँड आणि फटाक्यांच्या गर्दीत पहिल्यांदा घुंगरं बांधणं हा घोड्यावरही अन्याय आहे आणि वर बसलेल्या नवरदेवाच्या जिवाशीही खेळ.

जी पद्धत मला मान्य नाही

एका ठिकाणी मी तरुण घोडं शिकवताना पाहिलं. आखूड दोराने खांबाला बांधलेलं, आणि दोघं जण पाठीवर पोतं फेकत होते, काढत होते, पुन्हा फेकत होते. वीस मिनिटं ते झुंजलं, घामाने निथळलं, आणि मग एकदम थांबलं. मान खाली, नजर कुठेच नाही. "बघा, मोडलं," असं म्हणून लगेच खोगीर चढवलं. त्या दिवशी काहीच झालं नाही. आठवड्याने रस्त्यावर प्लास्टिकची पिशवी उडाली आणि त्या घोड्याने स्वाराला फेकलं.

पळून जाता येत नाही हे कळल्यावर जनावर हार मानतं. भीती तशीच आत राहते, फक्त ती दाखवणं ते सोडून देतं. अशा घोड्याकडून आपल्याला आधी इशारा मिळत नाही, आणि तेच सगळ्यात धोक्याचं. खरोखर निवांत घोडं बघायचं असेल तर त्याचा एक मागचा पाय सैल असतो, खालचा ओठ लोंबतो, कान आवाजागणिक हलत असतात. भोवती काय चाललंय याची त्याला उत्सुकता असते. घोडं तोंड चघळायला लागलं की "पटलं त्याला" असं म्हणतात. मी तेवढ्यावर जात नाही. ताण नुकताच ओसरला एवढंच त्यातून दिसतं, म्हणजे आधी ताण होता हेही कळतं.

कानापर्यंत पोचायला लागलेले दिवस

आमच्या घोडीला कानाचा हिशेब मिटवायला सहा आठवडे लागले. हात मानेवर ठेवायचा, कानाच्या वीतभर अलीकडे थांबायचा, ती सैल झाली की काढायचा. रोज दहा मिनिटं, त्याहून जास्त कधीच नाही, आणि जमलं त्या क्षणी काम बंद करून तिला चरायला सोडायचं. काही दिवशी कालच्यापेक्षा मागे जावं लागलं. तोवर डोक्यावरचा पट्टा कानांवरून ओढायचाच नाही, असं ठरवलं. दोन्ही गालांकडचं बक्कल सोडून पट्टा कानांच्या मागून मानेवर ठेवायचा आणि मग जागेवर जोडायचा. ही युक्ती प्रत्येकाला करता येते, फक्त दोन मिनिटं जास्त लागतात.

कडीला पहिले काही दिवस गुळाचं बोट लावलं. थंडीच्या सकाळी कडी आधी मुठीत धरून कोमट केली. तोंड उघडावं म्हणून दातांवर कडी आपटायची नाही, ओठाच्या कोपऱ्यात, जिथे दात नाहीत तिथे, अंगठा घालायचा. लगाम काढतानाही घाई करायची नाही. ती स्वतः जबडा सैल करून कडी सोडेपर्यंत थांबायचं, नाहीतर कडी पुढच्या दातांत अडकते आणि दुसऱ्या दिवशी तोंड उघडायलाच नकार मिळतो. काढण्याकडे कुणाचं लक्ष नसतं, पण घोड्याच्या आठवणीत शेवटचा क्षण पक्का राहतो.

सातव्या आठवड्यात नवं खोगीर, नवा लगाम, दोन्ही अंगावर घेऊन ती अर्धा तास चालली, थोडी दुडक्या चालीने पळाली. परत आल्यावर मी आधी छातीचा पट्टा सोडला, मग तंग, आणि खोगीर उचलून पाठ पाहिली. मणक्यावर सरळ कोरडी पट्टी, आणि तिच्या दोन्ही अंगांना सारखाच ओला घाम. मध्ये कुठेही कोरडा ठिपका नाही. नमदा उन्हात टाकला आणि तिच्या उंचवट्याजवळ खाजवत उभा राहिलो. तिने मान वळवून माझ्या खांद्याला ओठ लावले, आणि डावा कान माझ्या हाताखालीच होता.